पार्ल्याचा बहुरूपी

विनोदी नटाचे चरित्र सांगू जाणे हे दिसते तितके सोपे काम नव्हे. गवयाची तान ध्वनिमुद्रिकेत राहते, शिल्पकाराची मूर्ती चौथऱ्यावर उभी असते. पण हशा पिकविणाऱ्याची कृती हशा विरताक्षणीच संपलेली असते. त्यातून तो नट जर स्वतःच लेखक, स्वतःच गायक, स्वतःच पेटीवादक आणि प्रसंगी स्वतःच साऱ्या नाटकमंडळीच्या जागी एकटा उभा राहणारा असेल, तर त्याचे नेमके काय सांगावे असा प्रश्न पडतो. पुरुषोत्तम लक्ष्मण देशपांडे यांच्या बाबतीत हा प्रश्न विशेषच पडतो. त्यांची पुस्तके घरोघर आहेत आणि त्यामुळे ते मुख्यतः लेखक होते असा समज रूढ झाला आहे. तो खोटा नाही, पण अपुरा आहे. ते आधी बोलणारे होते, मग लिहिणारे झाले. आणि त्यांच्या लेखणीतही बोलणाराचाच श्वास आहे.

पाश्चात्य देशांत अशा कलावंतांची एक मोठी परंपरा होऊन गेली. इंग्लंडातील म्युझिक हॉल आणि अमेरिकेतील व्हॉडव्हिल या दोन्ही ठिकाणी एकाच रात्रीत गाणे, नकला, कसरत, जादू आणि चुटकेवजा प्रवेश असा पंचमेळ प्रेक्षकांपुढे मांडला जाई. कोणी दहा मिनिटांत रंगला नाही तर त्याची गय केली जात नसे. चार्ली चॅप्लिन याच शाळेत शिकला. फ्रेड कार्नोच्या मंडळीबरोबर तो अमेरिकेत गेला आणि तेथूनच १९१४ साली चित्रपटात शिरला. पुढे बोलपट आला आणि १९३०च्या सुमारास व्हॉडव्हिलची नाटकगृहे एकामागून एक चित्रपटगृहे बनली. आपल्याकडे या नावाचा खेळ कधी नव्हता, पण त्याचे सारे सामान मात्र होते. तमाशातला सोंगाड्या होता. जुन्या मंडळींच्या आख्यानानंतर होणारा फार्स होता. अभंगावरून आख्यानात आणि आख्यानातून एकदम गावच्या सावकाराच्या नकलेत शिरणारा कीर्तनकार होता. दारावर येणारा बहुरूपी होता. आणि १९११ पासून दिवाकरांनी लिहिलेल्या नाट्यछटाही होत्या, ज्यांत एकच पात्र बोलते आणि समोरचे न दिसणारे माणूस वाचकाला आपसूक दिसू लागते. हे सारे सामान विखुरलेले होते. ते एका माणसाच्या ठायी गोळा झाले ते मुंबईच्या उपनगरात.

पु. ल. देशपांडे यांचा जन्म ८ नोव्हेंबर १९१९ रोजी मुंबईत गावदेवीस झाला. परंतु त्यांचे बालपण गेले ते आधी जोगेश्वरीच्या सरस्वती बागेत आणि नंतर पार्ल्यात. मुंबई उपनगर हा स्वतंत्र जिल्हाच मुळी १९२० साली निर्माण झालेला. पार्ले त्या वेळी मुंबई शहरात मोडत नसे. अंधेरी-जोगेश्वरीसह हा भाग बृहन्मुंबईत आला तो १९५० साली. ५ जानेवारी १९२८ रोजी कुलाबा ते बोरिवली विजेची गाडी सुरू झाली आणि फोर्टातील कचेरीत दिवसभर खर्डेघाशी करून संध्याकाळी झाडीतल्या घरी परतणे हा मध्यम स्थितीतील कुटुंबांचा जीवनक्रम सुकर झाला. कोकणातून, गोव्यातून, कारवाराकडून, देशावरून आलेली ही माणसे. एकाच्या बोलण्यात मालवणी हेल, दुसऱ्याच्या बोलण्यात कानडी वळण, शेजारी गुजराती व्यापारी, स्टेशनाजवळ पारशी गृहस्थ. गिरगावातल्या माणसाला आपले गिरगाव जुने वाटे. पार्ल्यातल्या प्रत्येकाला आपण येथे नवे आहोत याची जाणीव असे, आणि नवी वस्ती करणाऱ्या माणसांना संस्था काढण्याची मोठी हौस असते. पार्ले टिळक विद्यालय १९२१ साली निघाले, लोकमान्य सेवा संघ १९२३ साली. व्याख्याने, गणेशोत्सव, नाटके, संगीताच्या बैठकी यांना तोटा नव्हता. ज्या मुलाचे कान तीक्ष्ण आहेत अशा मुलाला यापेक्षा चांगली पाठशाळा मिळणे कठीण.

घरातही त्याला अनुकूल वातावरण होते. आईचे वडील वामन मंगेश दुभाषी हे 'ऋग्वेदी' या नावाने लिहीत. रवींद्रनाथांची गीतांजली त्यांनी अभंगात उतरविली होती. नातू पाच वर्षांचा असताना त्यांनी दहापंधरा ओळींचे भाषण लिहून दिले आणि त्याने ते हावभावासह म्हणून दाखविले. आजोबांनी लिहावे आणि नातवाने म्हणावे असा क्रम काही वर्षे चालला. बाराव्या वर्षापासून नातू स्वतःची भाषणे स्वतःच लिहू लागला आणि इतर मुलांनाही लिहून देऊ लागला. पार्ल्यात साहित्यसम्राट केळकरांचे व्याख्यान झाले, श्रोत्यांनी गंभीर प्रश्न विचारले, तेव्हा या मुलाने उठून पुण्यात सध्या अंजिराचा भाव काय आहे, अशी पृच्छा केली असे सांगतात. गोष्ट घडली तशी सांगितली जात असो वा थोडी रंगवून, सभेचा भारदस्तपणा नेमका कोठे टोचला असता फुटतो हे त्या वयात कळणे ही काही सामान्य गोष्ट नव्हे.

दुसरे शिक्षण पेटीचे. भास्कर संगीतालयाच्या दत्तोपंत राजोपाध्ये यांच्याकडे त्यांनी धडे घेतले, आणि पार्ल्याच्या टिळक मंदिरात प्रत्यक्ष बालगंधर्वांपुढे पेटी वाजविण्याचा प्रसंग त्यांच्यावर लहानपणीच आला. पेटी वाजविणारा गवयाच्या मागे सावलीसारखा जातो; त्याची पुढची हरकत कोठे वळेल हे त्याला अर्ध्या मात्रेने आधी कळावे लागते. पुढे पु. लं.च्या अभिनयात जी विरामाची अचूकता दिसली, वाक्य कोठे तोडावे, प्रेक्षकांचा हशा कोठवर चढू द्यावा आणि तो पुरता उतरण्याआधीच पुढचा शब्द कसा टाकावा, तिचे मूळ नाट्यशिक्षणात शोधण्यापेक्षा या पेटीत शोधणे अधिक योग्य होईल.

आणि तिसरे शिक्षण नभोवाणीचे. १९३७ पासून ते मुंबई केंद्रावरील नाटिकांत भाग घेऊ लागले. अनंत काणेकरांच्या 'पैजार' या श्रुतिकेत त्यांनी काम केले. ध्वनिक्षेपकापुढे उभ्या असलेल्या नटाला चेहरा नाही, वेष नाही, हातवारे नाहीत. म्हातारा असो की पोरगा, तहसीलदार असो की त्याचा पट्टेवाला, सारे काही कंठातूनच उभे करावयाचे. ज्याला हे साधले त्याला पुढे रंगमंच मिळाला म्हणजे देह ही वरकमाईच ठरते.

यानंतरची वीस वर्षे मात्र सरळ रेषेत गेलेली नाहीत. जोगेश्वरीच्याच इस्माईल युसूफ कॉलेजात शिक्षण, मग कायद्याचा अभ्यास. वडिलांच्या निधनानंतर संसाराचा भार, शिकवण्या, कारकुनी, ओरिएंट हायस्कूलमध्ये मास्तरकी. तेथेच सुनीता ठाकूर यांची ओळख आणि १२ जून १९४६ रोजी रत्नागिरीस विवाह. चिंतामणराव कोल्हटकरांच्या 'ललितकलाकुंज' मंडळीत भूमिका. बेळगावास राणी पार्वतीदेवी कॉलेजात प्राध्यापकी. मध्येच चित्रपट. १९५३ साली 'गुळाचा गणपती'मध्ये कथा, संवाद, संगीत, दिग्दर्शन आणि नायकाची भूमिका सारे एकाच माणसाचे होते, आणि त्यानंतर त्या माणसाने चित्रपटसृष्टीकडे जवळजवळ पाठच फिरविली. १९५५ साली ते आकाशवाणीच्या नोकरीत शिरले. १९५८ साली बी.बी.सी.मधील शिक्षणक्रमासाठी लंडनला गेले. १९५९ साली दिल्लीस दूरचित्रवाणीचा आरंभ झाला तेव्हा तिच्या पहिल्या निर्मात्यांत ते होते आणि त्या नव्या यंत्रापुढे पंडित नेहरूंची मुलाखत त्यांनी घेतली. सरकारी नोकरी, निवृत्तिवेतनाची हमी, मानमरातब असे सारे जुळून आले होते. 'तुझे आहे तुजपाशी' हे त्यांचे नाटक १९५७ पासून गाजत होते. सामान्य संसारी मनुष्य येथे थांबता.

१९६१ साली त्यांनी 'बटाट्याची चाळ' एकट्याने रंगमंचावर आणली. पुस्तक १९५८ सालीच निघाले होते आणि वाचकांना चाळीतील बिऱ्हाडे तोंडपाठ झाली होती. तरीही तो एक जुगारच होता. तिकीट काढून आलेल्या मराठी प्रेक्षकाला नाटक म्हणजे पडदे, नेपथ्य, निदान आठदहा पात्रे यांची सवय. येथे एकच गृहस्थ. ना रंगभूषा पालटणे, ना विंगेत जाऊन टोपी बदलणे. खांदा किंचित झुकला की अण्णा पावशे, मान वळली की कोचरेकर मास्तर, आवाजाची पट्टी चढली की त्रिलोकेकर. पात्रांचे भांडण जुंपले की प्रेक्षकांना एकाच देहात चारपाच माणसे एकमेकांच्या अंगावर धावून जाताना दिसत. गच्ची वापरावयास मिळावी म्हणून चाळकरी जी चळवळ करतात तिची भाषा संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यातील घोषणांवरून उचललेली. राज्य स्थापन होऊन जेमतेम वर्ष झाले होते. ज्या प्रेक्षकांनी त्या घोषणा रस्त्यावर दिल्या होत्या तेच आता स्वतःला हसत होते. उपासाच्या प्रकरणात वजन घटविण्यास निघालेल्या एका गृहस्थाला साऱ्या चाळीने दिलेले सल्ले आहेत. कोणाही दुष्ट माणसाची त्यात गरज पडत नाही, कारण शेजाऱ्यांचा सद्हेतू एवढाच छळास पुरेसा असतो.

मात्र या खेळाचा शेवट हशाचा नव्हता. अखेरीस चाळ स्वतःच बोलू लागे: जीर्ण झालेली, पाडली जाण्याची वाट पाहणारी. तीन पिढ्यांचे पाळणे आणि तिरड्या जिने पाहिल्या अशी ती म्हातारी बोलू लागली की इतका वेळ खिदळणारे नाट्यगृह स्तब्ध होई. हसविणाऱ्याने प्रेक्षकांना रिकाम्या मनाने घरी पाठवावे ही व्यवसायाची रीत, पु. लं.नी ती येथे मोडली. काहींना हा शेवट भावविवश वाटला, आणि वाटण्यास थोडी जागा आहे. पण तो वगळून पाहिले असता चाळ म्हणजे नुसती चुटक्यांची माळ उरते, हेही खरे.

जगाच्या रंगभूमीवर एकपात्री प्रयोगांचे दाखले नव्हते असे नाही. चार्ल्स डिकन्स स्वतःच्या कादंबऱ्यांचे प्रवेश लोकांपुढे वाचीत असे. १८५८ पासून त्याने हे वाचन धंद्यासारखे चालविले, आणि १८७० साली तो वारला तेव्हा त्या वाचनांच्या श्रमांनी त्याचे आयुष्य खाल्ले असे त्याच्या मित्रांचे मत होते. रूथ ड्रेपर ही अमेरिकन बाई रिकाम्या रंगमंचावर पाहुण्यांनी भरलेला दिवाणखाना दाखवीत असे. पु. लं.चे वैशिष्ट्य एवढेच की त्यांची घडण आपल्या कीर्तनाची होती. कीर्तनकाराप्रमाणे तेही कथेतून बाहेर येऊन श्रोत्यांशी बोलत, पुन्हा आत शिरत, आणि ही ये-जा कोठे झाली हे कोणाच्या ध्यानात येत नसे.

१९६२ साली आलेली 'वाऱ्यावरची वरात' तर व्हॉडव्हिलचीच सख्खी बहीण. तिला कथानक म्हणून नाही. सुटे सुटे प्रवेश, गाणी, भाषणे, आणि शेवटी एका मध्यमवर्गीय घरातील रविवारची सकाळ, जिच्यात सुटीचा आनंद सोडून बाकी सारे जण हजेरी लावून जातात. येथे ते एकटे नव्हते. श्रीकांत मोघे यांनी वठविलेले बोरटाके गुरुजी खेड्यातील पोरांपुढे हिंदी चित्रपटातील गाण्यावर थिरकत, आणि त्या एका दृश्यात नव्या काळाचे वारे खेड्यापर्यंत कसे जाऊन पोचले होते ते एखाद्या प्रबंधापेक्षा अधिक स्पष्ट दिसे. पुढे 'असा मी असामी'मध्ये त्यांनी पुन्हा एकट्याने रंगमंच सांभाळला. गिरगावातला एक सामान्य कारकून, त्याचा बदलता पोशाख, बदलते घर, हातून निसटत चाललेले जग.

या प्रयोगांच्या मागे सुनीताबाई उभ्या होत्या. तिकिटांपासून प्रकाशयोजनेपर्यंत आणि वेळेवर पडदा वर जाण्यापासून हिशेबाच्या वहीपर्यंत त्यांची कडक नजर असे. १९९० साली त्यांचे 'आहे मनोहर तरी' प्रसिद्ध झाले, आणि साऱ्या महाराष्ट्राला हसविणाऱ्या माणसाचा संसार चालविणे ही काही हसण्याची गोष्ट नव्हती हे वाचकांना प्रथमच कळले. पुष्कळांना ते रुचले नाही. आपला लाडका विनोदकार घरात धांदरट, परावलंबी, कधी कधी नकळत निष्ठुर असू शकतो हे ऐकण्याची त्यांची तयारी नव्हती. पण त्या पुस्तकाने पु. लं.ची उंची कमी झाली नाही. उलट त्यांच्या कलेला लागणारी किंमत कोण मोजीत होते ते नोंदले गेले.

आणि मग त्यांनी हे खेळ थांबविले, तेही प्रेक्षकांची गर्दी ओसरण्यापूर्वीच. हसविणाऱ्या नटाला हे सर्वांत कठीण. प्रेक्षक ओळखीच्या विनोदाला येण्यापूर्वीच हसू लागतात, नटाला श्रम पडेनासे होतात, पैसा मिळत राहतो. आणि त्या सुखात कित्येक गुणी सोंगाडे स्वतःचीच नक्कल करीत म्हातारे झालेले आहेत. पु. ल. पन्नाशीला आले तेव्हा बंगाली शिकण्यासाठी शांतिनिकेतनात विद्यार्थ्यासारखे जाऊन राहिले. खेळांतून आणि पुस्तकांतून आलेल्या पैशाचा मोठा वाटा पु. ल. देशपांडे प्रतिष्ठानामार्फत लोकांकडे परत गेला. पुण्याचे मुक्तांगण व्यसनमुक्ती केंद्र १९८६ साली उभे राहिले त्यास त्यांचा आधार होता.

त्यांच्यावर एक आक्षेप नेहमी घेतला जातो, की त्यांचे जग पांढरपेशा मध्यमवर्गाचे. गिरणीतला कामगार, गावकुसाबाहेरचा माणूस त्यात क्वचितच येतो. आक्षेप खरा आहे. त्यांच्या स्त्री-पात्रांविषयीही असेच म्हणता येईल, आणि परभाषिकांच्या मराठीवरचे काही विनोद आज जरा जुने वाटतात. परंतु ज्या जगाचे चित्र आपल्याला काढता येत नाही ते दुसऱ्याने काढले असता त्याचे स्वागत करण्याची दानत त्यांच्यात होती. दया पवारांचे 'बलुतं' १९७८ साली निघाले तेव्हा त्याचे मोल ओळखून लिहिणाऱ्यांत पु. ल. होते.

विनोदी नटाने गंभीर बोलू नये असा लोकांचा एक अलिखित कायदा असतो. पु. लं.नी तो निदान दोनदा ठळकपणे मोडला. आणीबाणीनंतर १९७७ सालच्या निवडणुकीत ते व्यासपीठांवर उभे राहिले आणि स्वातंत्र्याच्या बाजूने बोलले. ज्या विडंबनाने चाळकऱ्यांना गुदगुल्या केल्या होत्या तेच आता सत्ताधाऱ्यांवर रोखले गेले. निवडणूक जिंकली गेली तरी त्यांनी कोणतेही पद घेतले नाही. दुसरा प्रसंग १९९६ सालचा. युती सरकारने महाराष्ट्रभूषण हा नवा पुरस्कार सुरू केला आणि पहिला मान त्यांना दिला. शरीर तोवर कंपवाताने जर्जर झालेले. अशा वेळी चार आभाराचे शब्द बोलून मोकळे होणे कोणासही क्षम्य वाटले असते. त्यांनी लोकशाहीऐवजी ठोकशाहीची भाषा बोलली जावी याबद्दलचा आपला विषाद उघडपणे मांडला. शिवसेनाप्रमुख बाळासाहेब ठाकरे यांनी त्यावर जाहीर रीतीने कडवट टीका केली आणि महाराष्ट्रात काही दिवस मोठे वादळ उठले. ज्याच्या विनोदाने कोणाचेही मन दुखावत नाही अशी ज्याची ख्याती, त्या माणसाचे गंभीर शब्द एवढे झोंबावेत यात पाहण्यासारखे पुष्कळ आहे. आयुष्यभर त्याने माणसांचे बोलणे नीट ऐकले होते. शब्दांतील धाक त्याला ऐकू येणे अटळ होते.

१२ जून २००० रोजी, विवाहाला ५४ वर्षे पूर्ण झाली त्याच दिवशी, पुण्यात त्यांचे निधन झाले. पार्ल्यात लोकमान्य सेवा संघातील एका सभागृहास त्यांचे नाव आहे. ज्या बैठ्या, अंगणाच्या घरांच्या वस्तीने त्यांना घडविले तिच्या जागी आता उंच इमारती आहेत. त्यांच्या कथनांच्या ध्वनिफिती पुण्याच्या अलूरकर म्युझिक हाऊसने काढल्या आणि परदेशी गेलेल्या मुलांच्या सामानातून त्या जगभर पोचल्या. एखाद्या प्रयोगात झालेले ध्वनिमुद्रण ऐकावयास मिळाले, तर पु. लं.च्या आवाजाबरोबर आणखी एक आवाज कानावर येतो. तो त्या रात्रीच्या प्रेक्षकांचा. मागच्या रांगेतला कोणी इतरांपेक्षा क्षणभर उशिरा हसतो, कोणाला ठसका लागतो, पु. ल. तेवढ्यापुरते थांबतात, आणि मग पुढचे वाक्य येते.